पकडलेले वाहन सुटते कसे?

तहसील कार्यालयाच्या आवारात पुष्कळदा एक देखावा दिसतो. चाकांतली हवा गेलेले ट्रॅक्टर, ट्रॉलीत उगवलेले गवत, शेजारी धुळीने माखलेला हायवा. गोदावरी, पूर्णा, शिवना या नद्यांतून वाळू नेताना पकडलेली ही वाहने. ती तेथे का उभी राहतात आणि कोणत्या वाटेने बाहेर पडतात, हे आम्हां खेड्यांतून आलेल्या विद्यार्थ्यांच्या घरांतही नीट ठाऊक नसते. राज्यशास्त्राच्या तासाला 'कायद्याचे राज्य' शिकल्यावर मी मूळ कलमे वाचावयास घेतली. त्यातून जे उमगले ते येथे मांडतो.

वाळू हे कायद्याच्या भाषेत गौण खनिज होय. नदीचे पात्र शासनाचे, म्हणून वाळूही शासनाची. रॉयल्टी भरून परवाना घेतल्याशिवाय ती उचलता येत नाही. उचलली तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मधील कलम ४८ लागते. त्याच्या पोटकलम ७ प्रमाणे वाळूच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो, आणि पोटकलम ८ प्रमाणे वाहन जप्त होते. हे दोन दंड निरनिराळे आहेत, हे पुष्कळांच्या ध्यानात येत नाही. पहिला वाळूचा, दुसरा वाहनाचा. वाहनाच्या दंडाचे आकडे शासनाने जानेवारी २०१८ मध्ये नियमांत घातले: ट्रॅक्टरला एक लाख, मोठ्या ट्रकला वा डंपरला दोन लाख रुपये.

समजा, ट्रॉलीत एक ब्रास वाळू आहे आणि तिचा भाव पाच हजार धरला. पाचपट म्हणजे पंचवीस हजार. त्यात ट्रॅक्टरचे एक लाख. एका खेपेचा हिशेब सव्वा लाखावर जातो! शिवाय वैयक्तिक बंधपत्र द्यावे लागते. त्याची रक्कम वाहनाच्या बाजारमूल्यापर्यंत असू शकते. ती रोख भरावयाची नसते. 'हे वाहन पुन्हा अशा कामास वापरणार नाही' या हमीपोटी ती लिहून द्यावयाची असते.

आता अधिकार कोणाचा? जप्ती तहसीलदार करू शकतात, पण जप्त वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांपुढे, किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या उपजिल्हाधिकारी दर्जाहून कमी नसलेल्या अधिकाऱ्यापुढे सादर व्हावयास हवे. सोडण्याचा हुकूम तेथून निघतो. माझ्या मामांचा ट्रॅक्टर पकडला गेला तेव्हा ते दीड महिना नुसते खालच्या टेबलापाशी हेलपाटे घालीत राहिले. 'साहेब बैठकीला गेलेत' एवढेच उत्तर मिळे. लेखी अर्ज वरच्या अधिकाऱ्याकडे द्यावयाचा असतो, हे त्यांना कोणी सांगितले नाही. इकडे बँकेचा हप्ता थांबत नव्हता आणि पेरणी तोंडावर आली होती. मामांची बाजू घ्यावी असे मला वाटत नाही. आमच्या नदीकाठच्या विहिरींचे पाणी वाळूच्या थरात मुरून राहते. तो थर गेला की विहिरी चैत्रातच तळ दाखवितात. तो तळ मामीनेच दोर टाकून पाहिला आहे. परंतु शिक्षा कायद्याने ठरविलेली असावी. अज्ञानापायी तिच्यात आणखी दीड महिन्याची भर पडावी, हे मला पटत नाही.

पोलिसांनी गुन्हा नोंदविला की वाट बदलते. वाळू नेणे ही चोरीही ठरू शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली दिल्ली शासन विरुद्ध संजय या खटल्यात सांगितले. मग वाहन मुद्देमाल ठरते आणि त्याच्या ताब्यासाठी न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा लागतो. पूर्वी त्यासाठी फौजदारी प्रक्रिया संहितेची कलमे ४५१ व ४५७ होती; १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची ४९७ व ५०३ आली. सुंदरभाई अंबालाल देसाई खटल्यात २००२ साली सर्वोच्च न्यायालयाने बजावले होते की जप्त वाहने ठाण्यात दीर्घकाळ सडत ठेवण्यात अर्थ नाही. पंचनामा, छायाचित्रे व योग्य हमी घेऊन ती परत द्यावीत. नव्या संहितेने तर वस्तू न्यायालयापुढे आल्यापासून १४ दिवसांत तिचे वर्णन लिहून ठेवावयास सांगितले आहे. ताबा मिळाला म्हणजे महसुलाचा दंड माफ झाला, असा मात्र अर्थ नव्हे.

महसुली हुकूम अमान्य असेल तर संहितेच्या कलम २४७ खाली अपील करता येते. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याचा हुकूम असल्यास मुदत ६० दिवसांची. आपल्याकडे पुष्कळजण ती घालवून बसतात आणि मग उच्च न्यायालयाच्या येथील खंडपीठाकडे धावतात.

शेवटची अडचण अगदी साधी, पण खेड्यात हमखास आढळणारी. ताबा मागणाऱ्याला आधी मालकी दाखवावी लागते, आणि मालकी पाहतात ती नोंदणी पुस्तकावरून. ट्रॅक्टर मुद्रांकावर विकत घेतलेला, पुस्तकावर मात्र अजून जुन्या मालकाचेच नाव! मामांचेही तसेच होते. जुना मालक दुसऱ्या जिल्ह्यात राहावयास गेलेला. त्याची सही आणण्यासाठी त्यांना दोनदा एस.टी.ने जावे लागले.