नादयंत्राची बटणं

परवा माझ्या भाचीने वही माझ्यासमोर धरली आणि म्हणाली, “मामा, मी एक यंत्र शोधलंय!”

वहीत एका पेटीचं चित्र होतं. पेटीला मोठा भोंगा, खाली नाव : ‘नादयंत्र’. त्याला दोन बटणं. एकावर लिहिलं होतं ‘घडव’. ते दाबून सूर लावला, की माती, पीठ, दगड, काहीही असो, हात न लावता त्याला आकार येणार. दुसऱ्यावर लिहिलं होतं ‘थांब’. ते दाबलं, की वेळच थांबणार. मधली सुट्टी संपायची घंटा वाजणारच नाही!

बालमित्रांनो, असं यंत्र बाजारात मिळत नाही. पण यातलं किती खरं होऊ शकतं ते बघायला आम्ही दोघं स्वयंपाकघरात शिरलो.

एक खोलगट स्टीलचं भांडं घेतलं. फुगा कापून त्याच्या तोंडावर ताणून बसवला, वरून रबरबँड लावला. झाला छोटासा डफ! त्यावर चिमूटभर बारीक मीठ भुरभुरलं. भाचीने तोंड जवळ नेलं आणि ‘ऊऽऽऽ’ असा लांब सूर लावला. तुम्ही करून बघाल तेव्हा तोंड थोडं बाजूला ठेवा हं, नाहीतर फुंकरीनेच मीठ उडेल. आधी काहीच झालं नाही. तिने सूर हळूहळू चढवत नेला, आणि एका क्षणी दाणे टणाटण उड्या मारायला लागले! धावत धावत ते एकमेकांजवळ आले आणि रबरावर एक रेघ उमटली. सूर बदलला, तशी ती रेघ मोडली आणि मीठ दुसरीकडे पळालं.

हे होतं कसं? आवाज म्हणजे थरथर. सूर लागला, की ताणलेलं रबरही थरथरतं, पण सगळीकडे सारखं नाही. काही जागा जोरात हलतात, काही जवळजवळ शांत राहतात. हलणाऱ्या जागेवरचे दाणे उडतात आणि शांत जागी जाऊन विसावतात. म्हणजे मीठ आपल्याला आवाजाचा नकाशाच काढून दाखवतं!

जर्मनीतले शास्त्रज्ञ अर्न्स्ट क्लाड्नी यांनी हेच धातूच्या आणि काचेच्या पातळ पत्र्यांवर केलं. पत्र्यावर वाळू पसरायची आणि कडेवरून व्हायोलिनचा गज फिरवायचा. वाळूच्या चांदण्या, जाळ्या, वेलबुट्ट्या तयार व्हायच्या. थेट ठिपक्यांची रांगोळीच! 1787 मध्ये त्यांनी या आकृत्या पुस्तकात छापल्या. आपल्याकडे शास्त्रज्ञ चंद्रशेखर वेंकट रामन यांनाही चर्मवाद्यांनी वेड लावलं होतं. तबल्याच्या मधोमध तो काळा गोल असतो ना, त्याला शाई म्हणतात. त्या शाईच्या वजनामुळे चामड्यातून निघणारे वेगवेगळे सूर एकमेकांशी जुळतात, हे त्यांनी 1920 मध्ये दाखवून दिलं.

आता जरा पुढे जाऊ. अशा शांत जागा हवेतही तयार करता येतात. समोरासमोर छोटे छोटे स्पीकर लावायचे आणि सेकंदाला 40,000 कंपनांचा आवाज सोडायचा. आपल्या कानाची मर्यादा साधारण 20,000 कंपनांची, म्हणून आपल्याला तो ऐकूच येत नाही. पण थर्मोकोलचा मणी किंवा पाण्याचा थेंब मध्ये ठेवला, तर तो हवेत तरंगतो! दोरी नाही, चुंबक नाही, फक्त आवाज. डॉक्टर तर आवाजासारख्याच धक्क्याच्या लहरी बाहेरून सोडून पोटातला मूतखडा फोडतात, तेही चिरफाड न करता. हा उपचार पहिल्यांदा 1980 मध्ये जर्मनीतल्या म्युनिकमध्ये झाला.

“बघ, म्हणजे माझं ‘घडव’ बटण खरं आहे!” भाची म्हणाली. “आणि ‘थांब’?”

मी मनगटावरचं घड्याळ काढून तिच्या हातात दिलं. बहुतेक काट्यांच्या घड्याळांत आज सेल असतो, आणि सेलच्या शेजारी क्वार्ट्झचा एक इवलासा तुकडा असतो. आपली गारगोटी असते ना, तेच हे खनिज. त्याला दाबलं, की त्यातून थोडी वीज निघते, हे 1880 मध्ये फ्रान्समधल्या जाक आणि पिएर क्युरी या भावांनी शोधलं. उलटही होतं बरं का! वीज दिली, की क्वार्ट्झ थरथरतं. शाळेच्या प्रयोगशाळेतला नादकाटा आठवतो? दोन पायांचा, ठोकला की ‘टंऽऽग’ करणारा? घड्याळातल्या त्या तुकड्यालाही तसाच आकार दिलेला असतो. तो सेकंदाला बरोबर 32,768 वेळा थरथरतो.

हाच आकडा का? कागद-पेन्सिल घ्या आणि तो निम्मा करत चला. 16,384, मग 8,192, मग 4,096… पंधराव्या वेळी काय उरतं? एक! घड्याळातली इलेक्ट्रॉनिक चिपही हेच करते. पंधरा वेळा निम्मे करून ती सेकंदाला एक ठोका काढते, आणि त्या ठोक्यावर काटा पुढे सरकतो. क्वार्ट्झचं पहिलं मनगटी घड्याळ 1969 मध्ये जपानमध्ये विक्रीला आलं. म्हणजे रोज सकाळी तुम्हाला शाळेत वेळेवर पोहोचवतो तो एक चिमुकला नादकाटा!

मी तिला खरं ते सांगितलं, “वेळ थांबवता येत नाही गं. पण थरथरीने ती मोजता येते.”

तिने खोडरबर उचललं. मला वाटलं, ‘थांब’ पुसणार. पण तिने वहीतला भोंगाच पुसला, तिथे नादकाटा काढला आणि शेजारी तिसरं बटण रंगवलं : ‘मोज’.

“थांबवायची असेल मामा,” ती म्हणाली, “तर आधी मोजता तरी यायला हवी ना!”