‘शुगरिंग कमी दुखतं’ : या वाक्याचा संशोधनप्रश्न कसा होतो?

पीएचडीच्या प्रवेशपरीक्षेची तयारी करणाऱ्या बऱ्याच जणांची एकच तक्रार असते : विषय मिळत नाही. खरं तर विषय पावलोपावली पडलेले असतात, अडतं ते प्रश्नापाशी. म्हणून आज मुद्दाम प्रयोगशाळेतलं काही घेत नाही. घेतेय शुगरिंग, म्हणजे साखरेच्या पाकाने हातापायांवरचे केस काढणं. जाहिरातीत, व्हिडिओत, पार्लरच्या दरपत्रकाशेजारी एक वाक्य हमखास दिसतं : ‘वॅक्सिंगपेक्षा शुगरिंग कमी दुखतं.’ हे वाक्य आपण उकलून बघू. उकलता उकलता पाय कमी कसे दुखतील हेही हाती लागेल, आणि ज्यांना तेवढंच हवंय त्यांनीही शेवटपर्यंत वाचायला हरकत नाही.

पहिलाच शब्द घ्या, वॅक्स. युरोप-अमेरिकेत वॅक्स म्हणजे बहुतेकदा राळ आणि मेण यांचं मिश्रण. ते अंगावर राहिलं तर तेल लावून काढावं लागतं. आता आपल्याकडच्या पार्लरमधलं डब्यातलं तपकिरी, मधाच्या रंगाचं वॅक्स आठवा. ते ओल्या कपड्याने पुसलं की जातं. मेण पाण्यात विरघळत नाही, साखर विरघळते. डब्यावरची घटकांची यादी वाचलीत तर साखर, ग्लुकोज, लिंबू किंवा सायट्रिक ॲसिड, ग्लिसरीन असंच काहीसं सापडेल. घरच्या घरी ‘वॅक्स’ करणाऱ्या आपल्या मावश्या-काकूही साखर आणि लिंबूच शिजवत आल्यात. म्हणजे आपल्यातल्या कित्येकजणी वर्षानुवर्षं वॅक्सच्या नावाने साखरच लावतायत!

मग फरक कशात आहे? पद्धतीत. पार्लरमध्ये पातळ, गरम पाक बोथट सुरीने केसांच्या दिशेने पसरतात, वर कापडाची पट्टी दाबतात आणि केसांच्या उलट दिशेने ओढतात. शुगरिंगची मूळची पद्धत पश्चिम आशियातली आणि इजिप्तची. तिथे तिला ‘हलावा’ म्हणतात, आपल्या हलव्याच्याच अरबी धातूवरून. त्यात घट्ट, कोमट पाकाचा गोळा हाताने केसांच्या उलट दिशेला चोळत पसरतात आणि केसांच्या दिशेने झटक्यात काढतात. पट्टी नाही, सुरी नाही.

आता मूळ वाक्य पुन्हा वाचा. त्यात एका दमात किती गोष्टी बदलल्यात बघा. पदार्थ (कधी बदलतो, कधी नाही), त्याचं तापमान, त्याचा घट्टपणा, ओढण्याची दिशा, पट्टी की हात, आणि करणारी व्यक्ती. समजा शुगरिंग खरोखर कमी दुखलं, तर श्रेय यातल्या कुणाला द्यायचं? यालाच कन्फाउंडिंग म्हणतात. पुस्तकात त्याची व्याख्या पाठ करतो, पण घरातल्या वाक्यात तो ओळखता येत नाही, ही आपली खरी अडचण.

थोडं पाकाकडे वळू, कारण आरामाचा अर्धा भाग तिथेच ठरतो. नेहमीची कृती अशी : दोन वाट्या साखर, पाव वाटी लिंबाचा रस, पाव वाटी पाणी, मंद आच. चिक्की किंवा लाडू करणाऱ्यांना एकतारी, दोनतारी, गोळीबंद हे टप्पे माहीत असतात. आपल्याला हवा तो गोळीबंदाच्या आसपासचा, साधारण ११८ ते १२० अंश सेल्सिअसचा. तिथे पाकात सुमारे १३ टक्के पाणी उरलेलं असतं. त्याहून पुढे गेलात तर चिक्की होते, ती पायावर पसरत नाही. अलीकडे राहिलात तर नुसता चिकट रस, तो केस धरत नाही. मग एकाच जागी तीन-तीनदा ओढावं लागतं, आणि त्वचा लाल होते ती तिथेच.

लिंबाचं काम वासाचं नाही. आम्ल आणि उष्णता मिळाली की सुक्रोजचा रेणू तुटतो आणि ग्लुकोज व फ्रुक्टोज वेगळे होतात. या तिघांची सरमिसळ झाली की स्फटिक बनायला अडथळा येतो, म्हणून लिंबू पिळलेल्या पाकाची परत साखर होत नाही. याला ‘इन्व्हर्ट शुगर’ म्हणतात. नाव प्रकाशावरून पडलंय : सुक्रोजचं द्रावण ध्रुवित प्रकाश उजवीकडे वळवतं (विशिष्ट वळण +६६.५ अंश), पण तुटल्यावर फ्रुक्टोज इतक्या जोराने डावीकडे खेचतं की एकूण वळणच उलटं होतं. बीएस्सीला पोलारिमीटर वापरला असेल तर हा प्रयोग तुम्ही केलेला आहे, फक्त त्याचा पार्लरशी संबंध कुणी सांगितला नव्हता. या रवाळ न होण्याचा आरामाशी थेट संबंध आहे. रवाळ पाक त्वचेवर खरखरतो, आणि त्याचा गोळा सलग न निघता तुकड्यातुकड्याने निघतो.

फ्रुक्टोजची दुसरी खोड म्हणजे ते हवेतलं पाणी ओढून घेतं. मी हे लिहितेय निर्मळहून. वसईच्या या पट्ट्यात समुद्र जवळ, भोवती वाड्या आणि तळी, आणि जुलैत हवा अशी की मिठाच्या बरणीला पाणी सुटतं. पावसाळ्यात इथे सुकेळीसुद्धा डब्याबाहेर राहिली तर चिकचिकते. पाकाचंही तेच. त्यात पायाला घाम. पुण्याच्या कोरड्या डिसेंबरात जमलेली कृती निर्मळच्या पावसाळ्यात जशीच्या तशी चालेल असं धरून चालू नका. शिवाय पुणं समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या आसपास उंच आहे, तिथे पाणी ९८ अंशांच्या जवळ उकळतं, इथे १००ला. पाकाचा टप्पा हा त्या उकळबिंदूच्या किती वर गेलात यावर ठरतो, त्यामुळे थर्मामीटरवरचा आकडाही दोन अंश सरकतो. एकाचा निष्कर्ष दुसऱ्याला का मिळत नाही, यावर मोठे लेख लिहिले जातात. पुष्कळदा कारण इतकं साधं असतं : कृतीत हवा लिहिलेली नसते.

आमच्याकडे यावर उपाय म्हणजे पाक एखाद-दोन अंश पुढे न्यायचा, पंख्याखाली बसायचं, पाय धुऊन पूर्ण कोरडे करायचे आणि वर पावडरीचा पातळ हात फिरवायचा. आदल्या रात्री तेल किंवा क्रीम लावलं असेल तर साबणाने उतरवायचं. पाक तेलावर धरत नाही.

आता दुखण्याकडे. केस ओढला की नेमकं काय दुखतं? केसाचं मूळ त्वचेत ज्या खोबणीत बसलेलं असतं, तिच्याभोवती मज्जातंतूंची टोकं कड्यासारखी गुंडाळलेली असतात. २०१७ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेतल्या संशोधकांच्या गटाने ‘न्यूरॉन’ या नियतकालिकात उंदरांवरचं काम प्रसिद्ध केलं. केस ओढल्याला चटकन प्रतिसाद देणारे, वेदना वाहणारे खास तंतू त्यात दाखवले होते. चटकन हा शब्द महत्त्वाचा आहे. ही वेदना क्षणात येते, टोकदार असते आणि नेमकी जागा दाखवते. भाजल्याची वेदना वेगळी. त्वचेचं तापमान साधारण ४३ अंशांवर गेलं की टीआरपीव्ही-१ नावाचं प्रथिन जागं होतं. मिरची झोंबते तीही याच्यामुळेच, आणि याच्या शोधासाठी डेव्हिड ज्युलियस यांना २०२१चं नोबेल मिळालं. म्हणजे गरम वॅक्समध्ये दोन वेदना एकावर एक बसतात, कोमट गोळ्यात एकच. ‘शुगरिंग कमी दुखतं’ यातला मोठा वाटा साखरेचा नसून तापमानाचा असू शकतो. आता हे तपासता येण्यासारखं विधान झालं!

तापमानाचा विषय निघालाय तर एक सांगूनच टाकते. १२० अंशांचा पाक उकळत्या पाण्यापेक्षा जास्त गरम असतो, आणि पाणी ओघळून जातं तसा तो ओघळत नाही, चिकटून बसतो. गोळा आधी मनगटाच्या आतल्या बाजूला टेकवून बघा, नुसता कोमट लागला पाहिजे. मायक्रोवेव्हमध्ये पुन्हा गरम केलेला पाक वरून कोमट आणि मध्यात चटका देणारा असतो, म्हणून आधी नीट ढवळा. चुकून सांडलाच तर वाहत्या गार पाण्याखाली वीसेक मिनिटं धरा. ओरबाडून काढायला जाऊ नका.

ओढल्यावर पार्लरवाल्या ताई तळहाताने ती जागा घट्ट दाबतात, पाहिलंय? १९६५ साली रोनाल्ड मेलझॅक आणि पॅट्रिक वॉल यांनी ‘सायन्स’मध्ये वेदनेचा ‘दरवाजा’ मांडला : स्पर्शाचे आणि दाबाचे संदेश मज्जारज्जूत वेदनेच्या संदेशांची वाट अडवतात. सिद्धांतातले बारकावे नंतर बरेच बदलले, पण दाबल्याने बरं वाटतं याचं स्पष्टीकरण अजून त्याच वाटेने दिलं जातं. त्या ताईंना हे कुठल्याही लेखाविना माहीत होतं. तेव्हा मुलाखती घ्यायच्या झाल्या तर आधी त्यांच्या घ्या.

दुसऱ्या हाताने त्वचा ताणून धरणं, गोळा त्वचेला समांतर ओढणं आणि केस तांदळाच्या दाण्याएवढे, म्हणजे पाच-सहा मिलिमीटर झाल्यावरच बसणं, या तिन्हींचा हेतू एकच आहे. ओढ केसावर पडावी, कातडीवर नाही. केस फार लांब असतील तर आधी कात्रीने कमी करा.

जाहिरातीतली दोन वाक्यं मात्र मला खटकतात. एक, ‘साखर फक्त मृत पेशींना चिकटते, जिवंत त्वचेला नाही.’ त्वचेचा सगळ्यात वरचा थर पूर्णच मृत पेशींचा असतो. मेण लावा, पट्टी चिकटवा की साखर, चिकटणार ती त्यालाच. वाक्य खरं असूनही त्यातून फरक काहीच सिद्ध होत नाही. संशोधनप्रस्तावातही अशी वाक्यं येतात, ती ओळखायची सवय लावून घ्या. दुसरं, ‘साखर जंतुनाशक आहे.’ घट्ट पाकात जंतू वाढत नाहीत हे बरोबर, मुरांबा टिकतो तो त्यामुळेच. पण न वाढणं म्हणजे मरणं नव्हे, आणि पाय धुतल्यावर पाक उरतच नाही. एका बाईचा गोळा दुसरीला वापरायला हे कारण पुरत नाही.

आता मोजायचं कसं? ‘दुखलं का?’ असं विचारलंत तर ‘चालतंय की’ असं उत्तर येईल. त्यासाठी व्हिज्युअल ॲनालॉग स्केल असते : १०० मिलिमीटरची रेघ, एका टोकाला ‘अजिबात नाही’, दुसऱ्याला ‘सहन होणार नाही इतकं’, बाईने स्वतः खूण करायची. प्रत्येकीची सहनशक्ती वेगळी, म्हणून दोन गट करण्याऐवजी एकाच बाईचे दोन पाय घ्या. कुठल्या पायाला कुठली पद्धत आणि कुठला पाय आधी, दोन्ही चिठ्ठ्या टाकून ठरवा. तीस बायकांचे साठ पाय म्हणजे साठ स्वतंत्र नोंदी होत नाहीत. विश्लेषण जोडीनेच करायचं. बाईला पद्धत कळणारच, ती लपवता येत नाही. पण दोन आठवड्यांनी फोटोवरून तुटलेले आणि आत वळलेले केस मोजणाऱ्याला ती न सांगणं तुमच्या हातात आहे.

आणि कधी विचारायचं? १९९३ साली डॅनियल कानमन आणि सहकाऱ्यांनी लोकांना १४ अंशांच्या थंड पाण्यात एक मिनिट हात धरायला लावला. दुसऱ्या खेपेला तेच एक मिनिट, वर आणखी तीस सेकंद, पण त्या तीस सेकंदांत पाणी हळूहळू १५ अंशांपर्यंत आणलं. पुन्हा कुठला प्रयोग कराल, असं विचारल्यावर बहुतेकांनी लांबलेला निवडला. आठवणीत राहतो तो वेदनेचा कळस आणि शेवट. म्हणून प्रत्येक ओढीनंतर एक खूण आणि दुसऱ्या दिवशी एक, अशा दोन्ही नोंदी हव्यात. घरी करणाऱ्यांसाठी यातलं घेण्यासारखं : नडगी, घोटा, गुडघ्याची वाटी आधी उरका आणि पोटरी शेवटी ठेवा.

इतकं झाल्यावर प्रश्न असा लिहिता येईल : ‘एकाच साखरेच्या पाकाने, एकाच तापमानाला, केसांच्या दिशेने ओढल्यास उलट दिशेच्या तुलनेत पायाच्या वेदनेची नोंद आणि दोन आठवड्यांनी आत वळलेल्या केसांची संख्या कमी असते का?’ लांबलचक आहे, मान्य. पण यात एकच गोष्ट बदलतेय. तापमानाचा प्रश्न वेगळा, त्याचा प्रयोग वेगळा. गाईड ‘व्याप्ती फारच लहान आहे’ म्हणतील, तेव्हा वरची सहा गोष्टींची यादी त्यांच्यासमोर ठेवा.

नैतिकता समितीकडे जाताना कुणाला घ्यायचं नाही हेही लिहावं लागतं, आणि ती यादी घरीही तशीच लागू आहे. मुरमांसाठी आयसोट्रेटिनॉइनच्या गोळ्या घेणाऱ्या किंवा त्या जागी रेटिनॉइड क्रीम लावणाऱ्या नकोत, त्यांची वरची त्वचा पाकाबरोबर सोलून येऊ शकते. उन्हाने भाजलेली, जखम, गळू किंवा खरूज असलेली जागा नको, फुगलेल्या शिरांवरून नको. मधुमेह असेल तर पाकातली साखर त्वचेतून रक्तात जात नाही, ती भीती नको. पण पायाची संवेदना कमी झाली असेल तर चटका कळत नाही आणि जखम भरायला वेळ लागतो, म्हणून आधी डॉक्टरांना विचारायचं. झाल्यावर त्या दिवशी सैल सुती कपडे, गार पाणी, सुगंधी लोशन नाही. आणि विहिरीवर किंवा समुद्रात पोहायला जायचं ते दुसऱ्या दिवशी.