ठाण्याच्या आवारात गंजणारी चाके

तालुक्याच्या कोणत्याही पोलीस ठाण्याच्या आवारात डोकावले, तर कुंपणाला टेकवलेल्या धूळभरल्या दुचाकी आणि टायर बसलेला एखादा ट्रॅक्टर बहुधा दिसतोच. सरकारी दप्तरात त्याचे नाव ‘मुद्देमाल’. खटल्याचा निकाल लागेल तेव्हा बघू, या एका वाक्याच्या आधारावर तो वर्षानुवर्षे उन्हापावसात उभा असतो. निकालाच्या दिवशी हाती येते ते भंगार; आणि मालक निर्दोष ठरला म्हणून भंगाराचे पुन्हा वाहन होत नाही.

भातकुलीसारख्या तालुक्यात या हानीचे मोल अधिक आहे. पूर्णेच्या खोऱ्यातील हा खारपाणपट्टा. विहिरीचे पाणी खारे, त्यामुळे ओलिताला मर्यादा. कपाशी, तूर, सोयाबीन आणि जमिनीच्या ओलीवर येणारा हरभरा यांवर भागेनासे झाले की कोणी ट्रॅक्टर, तर कोणी मालवाहू गाडी भाड्याने फिरवतो. ती बहुतेक कर्जाने घेतलेली. गाडी ठाण्यात अडकली म्हणून बँकेचा हप्ता थांबत नाही आणि पेरणीही कोणाची वाट पाहत नाही. चालकाने मालकाच्या नकळत काही अपराध केला असेल, तर शिक्षेचा पहिला हप्ता मालकच भरतो. चोरीस गेलेली दुचाकी सापडली, तरी ती परत मिळवण्यासाठी फिर्यादीलाच अर्ज करावा लागतो, हा त्यातला आणखी एक विनोद.

वस्तुतः कायदा याबाबत मुका कधीच नव्हता. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील कलम ४५१ व ४५७ अन्वये खटला चालू असतानाही वाहन सुपूर्दनाम्यावर देता येत असे. सर्वोच्च न्यायालयाने ‘सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य’ या प्रकरणात १ ऑक्टोबर २००२ रोजी स्पष्ट केले की, जप्त वाहने ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काहीच अर्थ नाही. पंचनामा व छायाचित्रे घेऊन, योग्य बंधपत्र व हमी घेऊन ती परत द्यावीत. आणि मुद्देमाल पंधरा दिवस ते एक महिना यापेक्षा अधिक काळ ठाण्यात राहू नये. त्या प्रकरणात मुद्देमालाची अफरातफर केल्याचा आरोप खुद्द पोलीस कर्मचाऱ्यांवरच होता, हे विसरण्यासारखे नाही. त्याआधी १९७७ मध्ये पोलिसांच्या ताब्यातून नाहीशा झालेल्या दागिन्यांची किंमत भरून देण्याचा आदेश याच न्यायालयाने शासनाला दिला होता.

मग वाहने गंजतात का? याचे एक कारण अज्ञान. अर्ज केल्याशिवाय गाडी सहसा मिळत नाही, आणि अर्ज कोठे करायचा हे मालकाला कोणी सांगत नाही. दुसरे कारण ठरीव हरकत. तपास अपूर्ण आहे, वाहन पुन्हा गुन्ह्यात वापरले जाईल, हे शब्द प्रकरण न पाहताही लिहिता येतात. ही भीती सर्वस्वी खोटी नाही. वाळूची चोरटी वाहतूक करणारा तोच ट्रॅक्टर पुन्हा नदीपात्रात उतरणार असेल, तर अधिकाऱ्याने कठोर व्हावेच. पण त्यासाठी जबर बंधपत्र आहे, वाहन न विकण्याची व त्याचे रूप न बदलण्याची अट आहे. वाळूच्या प्रकरणात तर गोंधळ दुहेरी असतो. १९६६ च्या जमीन महसूल संहितेच्या कलम ४८ प्रमाणे दंड व बंधपत्र महसूल अधिकाऱ्याकडे, आणि चोरीचा गुन्हाही नोंदला असेल तर अर्ज दंडाधिकाऱ्याकडे. मालक दोन कचेऱ्यांमध्ये येरझारा घालतो.

अमली पदार्थांच्या प्रकरणांत वाहन सुटतच नाही, असा समज होता. ७ जानेवारी २०२५ रोजी आसाममधील एका ट्रकच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तोही दूर केला. ट्रक कर्जाने घेतलेला होता, मालक आरोपी नव्हता. एखाद्या विमानात वा जहाजात प्रवाशाजवळ असा माल सापडला, तर तेही खटला संपेपर्यंत अडकवून ठेवणार काय, अशा आशयाचा प्रश्न न्यायालयाने उपस्थित केला. ट्रकवाल्याला जे चालते ते विमानवाल्याला चालत नाही, हा भेद त्यामुळे उघडा पडला.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने कलम ४९७ मध्ये मुदतीही घातल्या. न्यायालयाने चौदा दिवसांत मालाचे विवरण तयार करावे, छायाचित्रे घ्यावीत आणि त्यानंतर तीस दिवसांत विल्हेवाटीचा आदेश द्यावा. मात्र हे दिवस मोजले जातात ते माल न्यायालयापुढे हजर केल्यापासून. जप्तीचा नुसता अहवाल गेला आणि ट्रॅक्टर ठाण्यातच राहिला, तर कलम ५०३ लागते, आणि त्यात अशी मुदत नाही. खरी फट येथे आहे. ती बुजवण्यास नव्या कायद्याची वाट पाहण्याचे कारण नाही. ठाण्याने दरमहा वाहनांची यादी दंडाधिकाऱ्यांपुढे ठेवावी, आणि अर्ज कोणत्या न्यायालयात करावयाचा ते जप्तीच्या वेळीच मालकाला मराठीत लिहून द्यावे. एका कागदाचे काम आहे.