तिसरा डेंगा

1953 साली न्यू जर्सीतल्या नेवार्क विमानतळावर 'द नेवार्कर' नावाचं रेस्टॉरंट सुरू झालं. विमानतळावर जेवतं कोण? ज्याचं विमान लेट झालंय तो, नाइलाजानं. पण इथे हळूहळू अशी माणसं यायला लागली, ज्यांना कुठलंच विमान पकडायचं नव्हतं. घरून गाडी काढून ती खास जेवायला यायची.

लॉबस्टर मागवलं की ताटात दोन डेंग्यांचं अख्खं लॉबस्टर यायचं आणि शेजारी वेगळ्या बशीत तिसरा डेंगा. (आपल्या कोकणातल्या शेवंडीला असे डेंगे नसतात, अटलांटिकच्या थंड पाण्यातल्या लॉबस्टरला दोन जाडजूड डेंगे असतात आणि खवय्यांचा जीव त्यातल्या मांसावर असतो.) तिसरा डेंगा मूळचा त्या लॉबस्टरचा नाही, हे खाणाऱ्यालाही कळत असे. तरी ती बशी समोर आली की चेहरा खुलायचा. पोट भरलेलं असताना पंगतीत कुणीतरी जिलबीचा एक वेढा हक्कानं पानात टाकतं, तेव्हा असंच होतं. आपण त्याला आग्रह म्हणतो. न्यू यॉर्कच्या हॉटेलधंद्यात हा आग्रह आणणाऱ्या माणसाचं नाव जो बाउम.

बाउमचा जन्म 1920चा, साराटोगा स्प्रिंग्ज या हवापालटाच्या गावचा. आईवडिलांचं तिथे हॉटेल होतं, म्हणजे पाहुण्यांची उठबस बघतच तो मोठा झाला. कॉर्नेल विद्यापीठात त्यानं हॉटेल व्यवस्थापनाचं रीतसर शिक्षण घेतलं, युद्धकाळात नौदलात काम केलं आणि पुढे 'रेस्टॉरंट असोसिएट्स' या कंपनीत आला. नेवार्करच्या यशानंतर कंपनीनं त्याच्यावर मॅनहॅटनमधल्या जागा सोपवल्या.

1957मध्ये रॉकफेलर सेंटरमध्ये 'फोरम ऑफ द ट्वेल्व्ह सीझर्स' उघडलं. सुरुवात झाली ती सजावटकाराकडे असलेल्या बारा रोमन सम्राटांच्या जुन्या चित्रांपासून. चित्रं आधी, रेस्टॉरंट नंतर. मग रोमन इतिहासाची, प्राचीन रोममधला खवय्या एपिशियस याच्या नावानं चालत आलेल्या पाककृतींची पुस्तकं चाळली गेली आणि वाइन थंड ठेवायला उलट्या केलेल्या रोमन शिरस्त्राणांची भांडी आली. मला यात भपका जरा जास्तच वाटतो. पण या भपक्यामागे अभ्यास होता, हे विसरता येत नाही. तीन वर्षांनी आलेल्या 'ला फोंडा देल सोल'मध्ये डिझायनर अलेक्झांडर जिरार्डनं लॅटिन अमेरिकेतला सूर्य नाना रूपांत काढून ठेवला.

बाउमचं खरं मोठं काम मात्र 1959चं, 'फोर सीझन्स'. जागा पार्क अव्हेन्यूवरच्या सीग्राम बिल्डिंगमध्ये. इमारत मीस व्हान डेर रोहची, रेस्टॉरंटचं अंतरंग फिलिप जॉन्सनचं. खर्च सुमारे 45 लाख डॉलर, त्या काळी डोळे पांढरे करणारा. अशा काचेच्या आणि ब्रॉन्झच्या गंभीर दालनात थीम कसली करायची? भिंतीवर शिरस्त्राणं टांगणं इथे शोभलं नसतं. बाउमनं ऋतूच थीम म्हणून घेतला. वर्षातून चार वेळा मेनू बदलायचा, कुंड्यांतली झाडं बदलायची, वाढप्यांचे गणवेश बदलायचे, काडेपेट्या बदलायच्या, टाइपरायटरच्या रिबिनीचा रंगसुद्धा बदलायचा! भारी रेस्टॉरंटचा मेनू फ्रेंचमध्येच असायला हवा, ही त्या काळची समजूतही त्यानं मोडली. मेनू इंग्रजीत छापला, अमेरिकन वाइनला मान दिला आणि ताज्या, ऋतूतल्या मालावर भर दिला. रानातल्या अळंब्या पुरवणाऱ्यांमध्ये संगीतकार जॉन केजही होता.

आपल्याकडे ज्याच्या त्याच्या दिवसात ते ते खायची रीत आहे. हुरडा थंडीतला, आमरस वैशाखातला, रानभाज्या पहिल्या पावसानंतरच्या. तिथे मात्र डबाबंद आणि गोठवलेल्या अन्नाचा जमाना जोरात असताना हा माणूस ऋतूवर पैसा लावत होता. बैलगाडीचं चाक आणि कंदील टांगून 'गावरान' झालेली हायवेवरची रेस्टॉरंटं बघताना मला हटकून बाउम आठवतो. वाढप्याला फेटा बांधला, पण पिठलं गार आलं, तर गाव कुठे राहिलं?

अर्थात एवढा आग्रह खिशाला परवडायला लागतो. फोर सीझन्सची कीर्ती जेवढी मोठी होती, तेवढा गल्ला जमत नव्हता. 1970मध्ये बाउम कंपनीतून बाहेर पडला.

त्यानंतरचं काम थेट आकाशातलं. वर्ल्ड ट्रेड सेंटरमधल्या हजारो माणसांच्या खाण्यापिण्याची आखणी त्याच्याकडे आली. त्यातून 1976मध्ये उत्तर मनोऱ्याच्या 107व्या मजल्यावर 'विंडोज ऑन द वर्ल्ड' उभं राहिलं. इथे थीम खिडकीबाहेर आयती पसरलेली होती, फक्त ती प्रत्येकाच्या वाट्याला यायला हवी होती. म्हणून भोजनकक्षाची जमीन पायऱ्यापायऱ्यांची केली. आतल्या बाजूच्या टेबलावरूनही पुढच्यांच्या डोक्यांवरून शहर दिसायचं. मला हाही तिसरा डेंगाच वाटतो, मागे बसलेल्यासाठी राखलेला.

1987मध्ये त्यानं रॉकफेलर सेंटरवरची जुनी 'रेनबो रूम' पुन्हा उजळून काढली. तिथल्या बारमध्ये बारटेंडर डेल डिग्रॉफला बाटलीतल्या तयार मिश्रणांऐवजी ताज्या फळांचा रस वापरायला लावलं. अमेरिकेत कॉकटेलची कला पुन्हा बहरली, त्यात या बारचा मोठा वाटा आहे. वर्ल्ड ट्रेड सेंटरमधल्या 1993च्या बॉम्बस्फोटानंतर विंडोज बंद पडलं. पंचाहत्तरीच्या उंबरठ्यावरच्या बाउमनं ते पुन्हा उभारायला घेतलं आणि 1996मध्ये दारं उघडली. ऑक्टोबर 1998मध्ये तो गेला.

11 सप्टेंबर 2001च्या सकाळी विंडोजमध्ये न्याहारी चालू होती. हल्ल्याच्या वेळी वर असलेल्यांपैकी कुणीही वाचलं नाही. कर्मचारीच सत्तरहून अधिक होते, जगभरातून न्यू यॉर्कला पोटासाठी आलेले. ज्यांची त्या वेळी पाळी नव्हती, त्यांच्यातल्या काहींनी पुढे सहकारी तत्त्वावर स्वतःचं रेस्टॉरंट काढलं. 2006च्या जानेवारीत ते मॅनहॅटनमध्ये सुरू झालं. नाव ठेवलं 'कलर्स' आणि मेनूत घेतले आपापल्या देशांतले, आपापल्या घरचे पदार्थ.