शनिवारी ट्विकेनहॅम, सोमवारी हजेरी

क्रीडापान वाचणाऱ्या मराठी माणसाला ‘सेनादल’ हा शब्द नवा नाही. रणजी करंडक असो, संतोष करंडक असो की राष्ट्रीय कबड्डी, लष्कर, नौदल आणि हवाई दलातले निवडक खेळाडू एकत्र येतात आणि ‘सेनादल’ या एका नावाने उतरतात. ब्रिटनमध्ये रग्बीच्या मैदानावर मात्र हीच तीन दलं एकमेकांसमोर उभी ठाकतात. त्यातला लष्कर विरुद्ध नौदल हा सामना म्हणजे जगातल्या हौशी खेळातला एक मोठा सोहळा आहे.

एप्रिलअखेरीस किंवा मेच्या सुरुवातीला, एका शनिवारी, लंडनच्या नैर्ऋत्येकडच्या ट्विकेनहॅम मैदानावर हा सामना होतो. मैदानाची क्षमता ८२ हजार. गेल्या दशकात या लढतीला ८० हजारांहून अधिक प्रेक्षक येऊन गेले आहेत. ब्रिटिश लष्कराचं आजचं नियमित संख्याबळ पाऊण लाखाच्या आतबाहेर आहे. म्हणजे अख्खं लष्कर आणून बसवलं तरी खुर्च्या उरतील. एवढ्या गर्दीसमोर जे तीस जण खेळतात, त्यांचं पोट रग्बीवर चालत नाही. कुणी रणगाड्यावर असतो, कुणी जहाजाच्या इंजिनखोलीत, कुणी नव्या भरतीला कवायत शिकवतो. संघाच्या यादीत प्रत्येकाच्या नावाआधी हुद्दा असतो. सामना शनिवारी संपतो आणि सोमवारी सकाळी सगळे आपापल्या तुकडीत हजर असतात. या सामन्याचं सगळं मोठेपण मला यातच दिसतं.

हा सामना ज्या आंतरदल स्पर्धेचा भाग आहे, तिची रचना साधी आहे. तीन दलं, प्रत्येकाची उरलेल्या दोघांशी एकेक लढत, म्हणजे एकूण तीन सामने. खेळ रग्बी युनियन, एका बाजूला पंधरा खेळाडू, ऐंशी मिनिटं. चेंडू हातात घेऊन पळायचं, पण सहकाऱ्याकडे फेकायचा तो मागेच, पुढे फेकायला बंदी. गोलरेषेपलीकडे चेंडू जमिनीला टेकवला की ट्राय, त्याचे पाच गुण. नौदलाच्या संघात रॉयल मरीन्सचे कमांडोही असतात, कारण ते नौदलाचाच भाग आहेत. त्यांना धरूनही नौदलाचं मनुष्यबळ लष्कराच्या निम्म्याच्या आसपास भरतं. त्यातही ऐन मोसमात एखादा चांगला खेळाडू जहाजावर महिनोन्महिने समुद्रात असतो. पाणबुडीवर असला तर प्रश्नच मिटला. लष्कराची बाजू वर्षानुवर्षं वरचढ राहिली यात म्हणूनच नवल नाही. उलट नौदल दरवर्षी पंधरा तगडे गडी उभे करतं आणि मधूनमधून बाजीही मारतं, याचं कौतुक जास्त करायला हवं.

पहिला सामना १३ फेब्रुवारी १८७८ रोजी लंडनच्या ओव्हल मैदानावर झाला. हो, क्रिकेटचं तेच ओव्हल. खेळणारे दोन्हीकडचे अधिकारी, आणि जिंकलं नौदल. पुढे बराच काळ खंड पडला. १९०६-०७ च्या सुमारास दोन्ही दलांनी आपापल्या रग्बी संघटना स्थापन केल्या आणि १९०७ पासून हा सामना दरवर्षी होऊ लागला, आधी क्वीन्स क्लबवर आणि पहिल्या महायुद्धानंतर ट्विकेनहॅमवर. महायुद्धांनी खंड पाडला, तरी २०१७ मध्ये या मालिकेतला शंभरावा सामना खेळला गेला. पुढे करोनानेही खंड पाडला.

याच १८७८ सालाचा एक धागा आपल्या देशाशीही जोडलेला आहे. १८७२ च्या नाताळात कलकत्त्यात तिथल्या इंग्रज, स्कॉटिश, आयरिश आणि वेल्श मंडळींनी रग्बीचा सामना खेळला आणि त्यातून कलकत्ता फुटबॉल क्लब निघाला. ‘बफ्स’ नावाने ओळखल्या जाणाऱ्या पलटणीतले खेळाडू हा या क्लबचा मोठा आधार होता. पलटणीची बदली झाली आणि क्लबला घरघर लागली. पलटणीवर उभ्या राहिलेल्या खेळाचं हे असंच असतं, एका हुकमासरशी अर्धा संघ बोटीत बसतो. सभासदांनी मग बँकेतली शिल्लक चांदीच्या रुपयांत काढली, ते रुपये वितळवले आणि एक करंडक घडवून १८७८ मध्ये इंग्लंडच्या रग्बी युनियनला देऊन टाकला. तीन मुठींच्या जागी तीन नाग, झाकणावर हत्ती. १८७९ पासून इंग्लंड आणि स्कॉटलंड हे दोन देश याच ‘कलकत्ता कप’साठी झुंजतात.

सैन्यात ज्यांच्या रग्बीची चर्चा व्हायची त्या पलटणींत ‘ड्यूक ऑफ वेलिंग्टन्स रेजिमेंट’ अग्रभागी. १९६६ मध्ये ‘ब्रिटिश लायन्स’ या ब्रिटन-आयर्लंडच्या संयुक्त संघाचं नेतृत्व करणारा माइक कॅम्पबेल-लॅमर्टन हा याच पलटणीचा अधिकारी. मराठी वाचकाला ही पलटण वेगळ्या कारणाने ओळखीची वाटावी. १८८१ मध्ये ज्या दोन जुन्या पलटणी एकत्र करून ती उभी केली, त्यांतली ७६ वी पलटण १८०३ मध्ये अलीगढ आणि लासवारीला दौलतराव शिंद्यांच्या फौजेशी लढली होती.

नौदलाकडे १९२० च्या दशकात एक अशी जोडी होती की तिच्याबद्दल वाचताना आजही हेवा वाटतो. डब्ल्यू. जे. ए. डेव्हिस आणि सेसिल केरशॉ. स्क्रममागून, म्हणजे आठ-आठ जणांच्या रेटारेटीमागून, चेंडू काढणारा केरशॉ पाणबुडीवाला, तो चेंडू झेलून चाल रचणारा डेव्हिस नौदलाच्या जहाजबांधणी विभागातला. इंग्लंडकडून हे दोघं १४ आंतरराष्ट्रीय सामने जोडीने खेळले आणि त्यांतला एकही हरले नाहीत. त्यांच्या आधीच्या पिढीचं नशीब असं नव्हतं. पहिल्या महायुद्धात इंग्लंडकडून खेळलेले २७ रग्बीपटू मारले गेले. त्यांतला नौदलाचा आर्थर हॅरिसन १९१४ मध्ये इंग्लंडकडून दोन सामने खेळला होता. एप्रिल १९१८ मध्ये झीब्रुगेच्या धक्क्यावरच्या हल्ल्यात तोफगोळ्याच्या तुकड्याने त्याचा जबडा मोडला, तो बेशुद्ध पडला. शुद्धीवर आल्यावर त्याने पुन्हा आपल्या माणसांना घेऊन धक्क्यावर चढाई केली आणि तिथेच तो पडला. त्याला मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस देण्यात आला.

युद्ध संपलं तेव्हा मायदेशी जाणाऱ्या जहाजांची वाट पाहत हजारो सैनिक ब्रिटनमध्ये अडकून होते. त्यांच्यासाठी १९१९ च्या वसंतात ‘किंग्ज कप’ भरवला गेला. ब्रिटन, न्यूझीलंड, ऑस्ट्रेलिया, दक्षिण आफ्रिका आणि कॅनडा यांचे सैनिकी संघ आणि सहावा संघ जेमतेम वर्षभराच्या रॉयल एअर फोर्सचा. ट्विकेनहॅमवरच्या निर्णायक लढतीत न्यूझीलंडच्या सैनिकांनी ब्रिटिश लष्कराला ९-३ ने हरवलं. रग्बीचा विश्वचषक सुरू व्हायला त्यानंतर ६८ वर्षं जायची होती.

१९२० पासून हवाई दल दरवर्षीच्या स्पर्धेत आलं आणि दुरंगी लढत तिरंगी झाली. त्यांच्या पहिल्या संघांचं नेतृत्व वेव्हेल वेकफिल्डने केलं. आघाडीच्या खेळाडूंनी नुसतं ढकलत राहू नये, प्रत्येकाने ठरलेलं काम करावं, हा आज सर्वमान्य असलेला विचार रुजवणाऱ्यांत त्याचं नाव घेतलं जातं. हवाई दलाचाच डग्लस बेडर १९३१ च्या डिसेंबरात जमिनीलगत विमानाच्या कसरती करताना कोसळला आणि दोन्ही पाय गमावून बसला. तोवर तो हवाई दलाचा आणि हार्लेक्विन्स क्लबचा उमदा रग्बीपटू होता. पुढे कृत्रिम पायांवर त्याने ‘बॅटल ऑफ ब्रिटन’मध्ये लढाऊ विमानांच्या तुकडीचं नेतृत्व केलं. ती कथा जगाला ठाऊक आहे, तिच्यामागचा रग्बीपटू फार थोड्यांना.

सैन्याच्या रग्बीने ब्रिटिश समाजाची एक अढीही सैल केली, आणि ही कामगिरी मला करंडकांपेक्षा मोठी वाटते. उत्तर इंग्लंडातल्या गिरणी आणि खाण कामगारांच्या क्लबांनी १८९५ मध्ये खेळाडूंच्या बुडालेल्या मजुरीच्या भरपाईवरून फारकत घेतली आणि त्यातून तेरा खेळाडूंची ‘रग्बी लीग’ जन्मली. तिकडे पैसे घेऊन खेळलेल्याला युनियनचे दरवाजे जन्मभर बंद. एकाच गावातले दोन खेळाडू एका मैदानावर उतरू शकत नसत. सैन्यात मात्र ही अस्पृश्यता चालली नाही. गणवेश चढवला की लीगवाला आणि युनियनवाला एका संघात. दुसऱ्या महायुद्धात तर १९४३ मध्ये हेडिंग्लीला आणि १९४४ मध्ये ब्रॅडफर्डला सैनिकांचे लीग आणि युनियन असे संघ आमनेसामने आले. नियम दोन्ही वेळा युनियनचे, आणि दोन्ही वेळा जिंकले लीगवाले, १८-११ आणि १५-१०.

युद्धानंतर सक्तीची लष्करी सेवा चालू होती तोवर सैन्याच्या संघांना गुणवान पोरांचा तोटा नव्हता. कार्डिफच्या गोदीभागातला कृष्णवर्णीय मुलगा बिली बोस्टन ‘रॉयल सिग्नल्स’मध्ये सक्तीची सेवा बजावत होता. एका मोसमात त्याने शंभराहून अधिक ट्राय केले. विगन या लीग क्लबने १९५३ मध्ये त्याला ३ हजार पौंडांना करारबद्ध केलं. २०२५ मध्ये वयाच्या नव्वदीत त्याला ‘सर’ ही पदवी मिळाली. हा मान मिळालेला तो रग्बी लीगचा पहिला खेळाडू.

सक्तीची सेवा १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला संपली. दुसरा मोठा बदल ऑगस्ट १९९५ मध्ये आला, जेव्हा युनियनने अधिकृतपणे व्यावसायिकता स्वीकारली. तोवर सैन्यातला माणूस नोकरी सांभाळून देशाकडून खेळू शकत असे. हवाई दलाचा वैमानिक रॉरी अंडरवुड इंग्लंडकडून ८५ सामने खेळला आणि त्याचे ४९ ट्राय हा इंग्लंडच्या पुरुष संघाचा विक्रम अजून कुणाला मोडता आलेला नाही. लष्करातला अधिकारी टिम रॉडबर १९९७ मध्ये लायन्सबरोबर दक्षिण आफ्रिकेत खेळला. व्यावसायिक रग्बी आल्यावर अशी माणसं दुर्मीळ झाली. सैन्याचं रग्बी आता आटणार, असं वाटण्याजोगीच स्थिती होती. झालं उलटंच. खेळाचा दर्जा व्यावसायिकांइतका उरला नाही, पण लष्कर-नौदल सामन्याची गर्दी वाढत गेली. प्रेक्षक आपल्या माणसाला बघायला येतात. आपल्या जहाजावरचा, आपल्या बराकीतला, आपल्याबरोबर अफगाणिस्तानात असलेला माणूस मैदानात आहे, हे कारण त्यांना पुरतं. तिकिटांचा पैसा सैनिकांच्या कल्याणनिधीलाही जातो.

हा खेळ सैन्याला इतका का मानवला, हे स्क्रमजवळून पाहिलं की कळतं. दोन्ही बाजूंचे आठ-आठ जण. पुढे तिघं, त्यांच्यामागे दोघं, मग उरलेले तिघं. पुढच्या फळीतल्यांच्या कानांना पट्ट्या गुंडाळलेल्या, कारण वर्षानुवर्षं घासून कानाची पाळी सुजते आणि तशीच घट्ट होऊन बसते. पंच ‘क्राउच’ म्हणतो, सगळे वाकतात. ‘बाइंड’ म्हणतो, समोरच्याची जर्सी मुठीत येते. ‘सेट’ म्हटल्याबरोबर दोन्हीकडची आठशे-आठशे किलोंची वजनं एकमेकांवर आदळतात. चेंडू मधल्या फटीत येतो आणि मधला हुकर तो पायाने मागे ओढतो. मान चुकीच्या कोनात गेली तर मणक्याशी गाठ. आठांतल्या एकाने अर्धा क्षण आधी अंग सोडलं तरी सगळी रचना कोसळते. इथे हुद्दा चालत नाही. कॉर्पोरल आवाज देतो आणि त्याच्या खांद्याला खांदा लावून उभा असलेला मेजर तो आवाज पाळतो. कबड्डीत चढाईवाल्याला घेरणाऱ्या साखळीतही असंच असतं, साखळीत कुणी साहेब नसतो. ज्या सामन्याची सुरुवात फक्त अधिकाऱ्यांनी केली, तो आज अशा ठिकाणी येऊन पोहोचला आहे.

आजच्या लष्कराच्या संघाबद्दल बोलताना फिजीचं नाव टाळता येत नाही. १९६१ मध्ये ब्रिटिश लष्कराने तिथून २१२ जणांची भरती केली आणि १९९० च्या दशकाअखेरीस ती पुन्हा जोरात सुरू झाली. पॅसिफिकमधल्या त्या बेटांवर रग्बी हाच जीव की प्राण. सेमेसा रोकोदुगुनी हा ‘रॉयल स्कॉट्स ड्रॅगून गार्ड्स’चा लान्स कॉर्पोरल अफगाणिस्तानात लढून आला, लष्कराकडून खेळला आणि २०१४ मध्ये न्यूझीलंडविरुद्ध इंग्लंडकडून उतरला. ट्विकेनहॅमवर फिजीच्या पोरांनी धाव घेतली की सगळं मैदान उभं राहतं. पण याच पोरांना आणि इतर राष्ट्रकुल देशांतून आलेल्या सैनिकांना सेवा संपल्यावर ब्रिटनमध्ये स्थायिक होण्यासाठी हजारो पौंडांचं शुल्क मोजावं लागत असे. सहा वर्षं सेवा केलेल्यांना ते माफ झालं २०२२ मध्ये, आणि त्यांच्या बायका-मुलांना तेव्हाही ती माफी मिळाली नाही. ज्यांच्यासाठी टाळ्या वाजवायच्या, त्यांच्या घरच्यांकडून फी घ्यायची, हे मनाला पटत नाही.

महिलांचे संघही आता तितक्याच जिद्दीने खेळतात, लष्कर-नौदल महिला सामना त्याच दिवशी ट्विकेनहॅमवरच होऊ लागला आहे. लष्करातली बेथन डेंटन वेल्सकडून खेळली, हवाई दलातली एमी कोकेन इंग्लंडकडून. पुरुषांच्या रग्बीतून जवळजवळ नाहीसा झालेला गणवेशातला आंतरराष्ट्रीय खेळाडू महिलांच्या रग्बीत पुन्हा दिसू लागला, ही फार आनंदाची गोष्ट आहे.

आपल्याकडेही रग्बी आहे. १९२४ मध्ये सुरू झालेली अखिल भारतीय स्पर्धा मुंबईचं बॉम्बे जिमखाना मैदान आणि कोलकाता यांनी जिवंत ठेवली आणि तिच्यात लष्कराचे संघ मोठ्या तडफेने खेळत आले आहेत. पुण्यात दक्षिण कमांड, मुंबईत पश्चिम नौदल कमांड, नागपुरात हवाई दलाची देखभाल कमांड, तिन्ही दलांची एवढी मोठी ठाणी महाराष्ट्रात आहेत. दलांमधले आपसातले सामने आपल्याकडेही होतात, पण बहुतेक छावणीच्या फाटकाआड. वर्षातून एक दिवस ते फाटक उघडावं. मुंबईत किंवा पुण्यात, पावसाळ्याच्या तोंडावर, लष्कर विरुद्ध नौदल असा एक सामना तिकीट लावून भरवावा आणि जमलेला पैसा शहीद जवानांच्या कुटुंबांना द्यावा. मैदानं आहेत, खेळाडू आहेत. प्रेक्षक मी म्हणतो म्हणून नव्हे, जवानांच्या प्रेमाखातर येतील. संरक्षण मंत्रालयाने आणि तिन्ही दलांच्या क्रीडा विभागांनी हे मनावर घ्यावं.