भाग न देता ओळखलेली मूळ संख्या

निमगाव सावा असो की नाशिक, प्राथमिक शाळेत मूळ संख्या ओळखण्याची रीत एकच शिकविली जाते: दोनने भागा, तीनने भागा, पाचने भागा. ९१ या संख्येपाशी मुले हटकून फसतात, कारण सातपर्यंत धीर धरणारा विरळा. रीत बिनचूक आहे, पण ती पुरी पडत नाही. शंभर अंकी संख्येसाठी पन्नास अंकी भाजकांपर्यंत जावे लागेल, आणि सेकंदाला अब्ज भागाकार करणाऱ्या संगणकालाही विश्वाचे आजवरचे वय त्यास अपुरे पडेल. शिवाय या संख्या आता केवळ पंडितांच्या कौतुकाच्या राहिलेल्या नाहीत. १९७७ साली निघालेल्या आरएसए पद्धतीत गुप्त संदेशाचे कुलूप याहूनही मोठ्या अशा दोन मूळ संख्यांच्या गुणाकारावरच बसविलेले असते.

मग त्या ओळखावयाच्या कशा? उत्तराचे बीज फर्मा या फ्रेंच गणितज्ञाच्या १६४० सालच्या पत्रात आहे. मूळ संख्येहून एकने कमी इतका दोनचा घात घ्यावा आणि त्याच मूळ संख्येने भागावे. ती दोनहून मोठी असेल तर बाकी एकच उरते. हे फळ्यावर करून पाहावे. दोनचा बारावा घात ४०९६. त्यास ९१ ने भागता बाकी १. म्हणून नव्वदाव्या घाताची बाकी सहाव्या घाताइतकी, म्हणजे ६४. उरावयास हवा होता एक! तेव्हा ९१ मूळ नव्हे हे सिद्ध झाले, आणि सात-तेराचे नावही घ्यावे लागले नाही. चोर सापडला नाही, पण चोरी शाबीत झाली.

कसोटीला दगा देणाऱ्या संख्याही आहेत. ३४१ म्हणजे ११ गुणिले ३१, तरी ती येथे मूळ म्हणून खपून जाते. मिलर (१९७६) आणि राबिन (१९८०) यांनी कसोटी कडक केली. दहा निरनिराळे आधार यदृच्छया घेतले तर लबाड संख्या निसटण्याची शक्यता दहा लाखांत एकाहूनही कमी. तरीही ती शक्यताच. खात्री आणि वेग यांची सांगड घातली ती ऑगस्ट २००२ मध्ये कानपूरच्या आयआयटीतील मणींद्र अग्रवाल आणि त्यांचे नुकतेच पदवीधर झालेले विद्यार्थी नीरज कयाल व नितीन सक्सेना यांनी. तिचे मूळ आपल्या मेरुप्रस्तारात दिसते: सातव्या ओळीतील ७, २१, ३५ यांना सातने भाग जातो, नवव्या ओळीतील ८४ ला नऊने जात नाही. इतकी लांब ओळ न लिहिता हीच पारख कशी करावी, हे त्यांनी दाखविले. व्यवहारात मात्र जलद म्हणून राबिनचीच कसोटी चालते. त्याने कानपूरचे मोल उणावत नाही.

देवळालीच्या शाळेत १९३० ते १९६२ शिकविणाऱ्या द. रा. कापरेकरांना संख्याशोधासाठी कागद-पेन्सिल पुरली. नववीच्या शिक्षकांनी एक तास याला द्यावा. ९१ झाल्यावर ११९ द्यावी: दोनच्या ११८ व्या घाताची बाकी ३० येते.