काळ फिरवायचा परवाना



हॅरी पॉटरची पारायणं आपल्यापैकी बऱ्याच घरांत झाली असतील. पोरांनी वाचली म्हणून आपणही वाचली. मला मात्र त्यातल्या जादूपेक्षा जादूच्या कायद्यांत जास्त रस, त्यातही काळ मागे फिरवण्याच्या नियमांत. दिवसभर सर्व्हरच्या परवानग्या सांभाळणाऱ्या माणसाला ते फार ओळखीचे वाटतात.

तिसऱ्या पुस्तकात (१९९९) शाळकरी हर्मायनीला ‘टाइम-टर्नर’ मिळतो. गळ्यातल्या साखळीला लटकणारं इवलंसं वाळूचं घड्याळ. एकदा फिरवलं की एक तास मागे. एकाच वेळेला असणाऱ्या दोन-दोन तासांना बसता यावं म्हणून! तेवढ्यासाठी मॅकगोनॅगल बाई जादू मंत्रालयाला पत्रांवर पत्रं लिहितात, मुलगी सालस असल्याची हमी देतात. अटी अशा: वापर फक्त अभ्यासासाठी, बोभाटा नाही आणि मागे गेल्यावर कोणाच्या नजरेस पडायचं नाही. स्वतःच्या तर नाहीच. कारण समोर आपणच उभे दिसलो तर माणूस घाबरून काहीही करून बसेल.

एवढी कडक बंधनं का, ते राउलिंगबाईंनी नंतर एका टिपणात सांगितलंय. त्यांच्या जादूजगात १८९९ साली एलोईज मिंटम्बल नावाची बाई १४०२ सालात जाऊन पाच दिवस अडकली. परत आणली तेव्हा तिचं शरीर पाच शतकं म्हातारं झालेलं. ती वाचली नाहीच. पण खरी भीती पुढेच आहे. तिथे तिला भेटलेल्या लोकांची आयुष्यं बदलली आणि त्यांचे पंचवीस वंशज वर्तमानातून नाहीसे झाले. मेले नाहीत, जन्मलेच नाहीत! साधारण पाच तासांपलीकडे मागे जाणं धोक्याचं, हे तिथल्या अभ्यासकांचं मत.

आता गंमत बघा. हा कायदा हर्मायनी मोडते ती खुद्द हेडमास्तरांच्या सूचनेवरून, दोन निरपराध जीव वाचवायला. तरी इतिहास बदलत नाही. कुऱ्हाडीचा आवाज ऐकून मुलांना वाटतं बकबीक मेला, पण तो तेव्हाच सुटलेला असतो. आपल्या जयद्रथाला सूर्य मावळला असं वाटलं होतं ना, तसंच. म्हणजे मोडली ती परवानगीची अट. घडलेलं काही पुसलं गेलं नाही.

पाचव्या पुस्तकात (२००३) मंत्रालयातले सगळे टाइम-टर्नर फुटतात आणि वाटतं, सुटलो. पण २०१६ च्या ‘कर्स्ड चाइल्ड’ नाटकात बेकायदा बनवलेला एक सापडतो, वर्षानुवर्षं मागे नेणारा. तो जप्त होतो आणि नष्ट करण्याऐवजी मंत्र्यांच्या कार्यालयातल्या पुस्तकांच्या कपाटात लपवला जातो. मंत्री कोण? हर्मायनीच! दोन पोरं तो पळवतात आणि एका फेरीत असं जग उभं राहतं की त्यात व्होल्डेमॉर्ट जिंकलाय आणि त्या दोघांतला एक जन्मलेलाच नाही. प्रॉडक्शनचा पासवर्ड ‘असू दे, लागेल कधी’ म्हणून जपून ठेवणारे सीनियर लोक तुम्हालाही भेटले असतील.

आणि हे सगळं सुरू कशामुळे होतं? एमोस डिगरी नावाचा म्हातारा बाप आपला मेलेला मुलगा परत मागतो म्हणून. इथे मात्र मला हसू येत नाही. आपल्यातल्या कितीजणांना रात्री-अपरात्री ‘लगेच निघ’ असा फोन आलाय, आणि कितीजण वेळेत पोचले? पाच तासांच्या नियमात तर आपलं विमान अर्ध्या वाटेवरही पोचणार नाही. एमोसच्या जागी मी असतो तर मीही हात जोडले असते.

म्हणूनच हा कायदा मला पटतो. दुःखाने वेडावलेल्या माणसापासून बाकीच्यांना वाचवायला तो आहे. माझा एक दिवस मला परत मिळावा म्हणून त्या पंचवीस जणांचा जन्म पुसला गेला, तर त्यांच्या वतीने तक्रार करायलाही कोणी उरत नाही. अशा कायद्याला चोरापेक्षा धोका असतो तो किल्ली जपणाऱ्या भल्या माणसाचा, कारण त्याच्याकडे अपवाद करायला नेहमीच चांगलं कारण असतं.

असो. किल्ली तुमच्या हाती असती तर तुम्ही काय केलं असतं? फोडली असती की कपाटात ठेवली असती? खरं खरं सांगा हं!